नव्या वाणाची नोंद

चंद्रपूर जिल्ह्यातील नांदेड (तालुका नागभीड) येथील दादाजी खोब्रागडे यांनी 1983 साली आपल्या पटेल-3 धानात काही निराळ्या लोंबी हेरल्या. त्यांचे बी वेगळे राखून ते वर्षानुवर्षे निवड करीत गेले. त्यांतून निपजलेल्या बारीक वाणास बाजारात मनगटी घड्याळाचे ‘एच.एम.टी.’ हे नाव मिळाले व ते परप्रांतांतही पसरले. शोधकाचे दारिद्र्य मात्र 2018 साली देहावसान होईपर्यंत फिटले नाही.

असे का व्हावे? नवे वाण बाजारात नेण्यास व्यापारी सदैव तत्पर असतो. परंतु ते कोणाचे, हे सांगणारा कागद शेतकऱ्यापाशी नसतो. महसुली दप्तरात हयात गेल्यामुळे मी जाणतो की, कागदावाचून हक्क शाबीत होत नाही. 2001 च्या कायद्याने शेतकऱ्यास स्वतःच्या वाणाच्या नोंदणीचा हक्क दिला. पण तोवर एच.एम.टी. गावोगाव पोहोचले होते. नोंदणीस वाण वेगळे, एकसारखे व स्थिर असावे लागते. तरी बंधूंनी बी शेजाऱ्यास देण्यापूर्वीच बांधी, हंगाम व लोंबीची खूण वहीत टिपून ठेवावी, एवढीच विनंती.