चांदणी चौकात पायी चालणाऱ्याने जायचे कुठून?

चांदणी चौकातला जुना पूल २ ऑक्टोबर २०२२ च्या मध्यरात्री स्फोटकांनी पाडला, तेव्हा पुणेकर टीव्हीसमोर जागत बसले होते. १२ ऑगस्ट २०२३ ला नव्या बहुमजली पुलाचे लोकार्पण झाले. मोटारींची जुनी कोंडी सुटली, हे मान्यच. पण चौक काय फक्त मोटारींचाच आहे?

१. एका अंगाला कोथरूड, दुसऱ्या अंगाला बावधन आणि पुढे मुळशी. मधून मुंबई-बंगळुरू महामार्ग. सातारा-कोल्हापूरची किंवा मुंबईची गाडी धरायला लोक याच चौकात येतात. पिरंगुटच्या कारखान्यांत जाणारे कामगार आहेत, बावधनच्या सोसायट्यांत घरकामाला जाणाऱ्या बायका आहेत. ही माणसे काही नवीन पुलानंतर उगवलेली नाहीत. तरीही पादचारी पुलासाठी लोकार्पणानंतर ओरड करावी लागली. हा विसर नव्हे, चालणारा हिशेबातच धरला गेला नाही.

२. ‘लोकच बेशिस्त, कुठूनही पळतात,’ असे ऐकायला मिळते. कडेवर मूल, हातात पिशवी, समोर भरधाव ट्रक. अशा वेळी कोण हौसेने दुभाजक ओलांडतो? वाहनांचे रॅम्प धरून वळसा घालावा, तर तिथेही मागून गाड्या येणारच. ज्याला वाटच ठेवली नाही, त्याने नियम मोडला असे कोणत्या तोंडाने म्हणायचे?

३. महामार्ग राष्ट्रीय महामार्ग प्राधिकरणाचा, भूसंपादन महापालिकेचे, शहर बस पीएमपीची, लाल गाडी एसटीची. मग अपघात कोणाचा? सध्या तरी ज्याचा होतो, त्याचाच.

४. पुणे महापालिकेने २०१६ मध्ये पादचारी धोरण स्वीकारले. ११ डिसेंबरला लक्ष्मी रस्त्यावर वाहने बंद करून पादचारी दिनही साजरा होतो. (रांगोळ्या छान असतात, हेही सांगायला हवे.) मे २०२५ मध्ये तर सर्वोच्च न्यायालयाने वापरण्याजोगा पदपथ हा घटनेच्या कलम २१ खालचा हक्क ठरवला. हा हक्क पेठांपुरता आणि वर्षातल्या एका दिवसापुरता नाही. तो उपनगरातही रोज लागू आहे.

५. आता वनाजपर्यंतची मेट्रो चांदणी चौकापर्यंत येणार आहे; केंद्राने जून २०२५ मध्ये त्या विस्ताराला मंजुरी दिली. म्हणजे चौकात उतरून चालत सुटणाऱ्यांची संख्या वाढणारच. स्थानकातून महामार्गाच्या दोन्ही बाजूंना थेट पोचणारी पादचारी वाट, म्हाताऱ्यांसाठी चालू असणारी लिफ्ट, एसटी आणि पीएमपीचे पक्के, दिव्याखालचे थांबे हे सगळे आराखड्यातच दिसले पाहिजे, उद्घाटनानंतरच्या निवेदनांत नव्हे. हा आराखडा स्थानकाची पहिली कुदळ पडण्याआधी कोथरूड-बावधनच्या नागरिकांसमोर मांडा, आणि त्यावर जबाबदार अधिकाऱ्याची सही असू द्या.