कुंपणाच्या आतला जुगार



"रेस म्हणजे काही जुगार नव्हे हो!" हे वाक्य मी लग्न होऊन मुंबईत आल्यापासून ऐकते आहे. मटक्याचे नाव काढले की नाक मुरडणारी माणसे रेसकोर्सचे नाव मात्र अदबीने घेतात. ही अदब आली कुठून? मी कॉमर्सची पदवीधर. कुठल्याही गोष्टीचा जमाखर्च मांडल्याशिवाय मला चैन पडत नाही. म्हणून आज महालक्ष्मीच्या रेसकोर्सचा हिशेब.

हे मैदान १८८३ चे. त्याआधी शर्यती भायखळ्याला होत. तेव्हा अरबी घोडे जहाजाने मुंबई बंदरात उतरत आणि भायखळा, भेंडीबाजार भागात त्यांचे मोठे तबेले होते. महालक्ष्मीची जागा पूर्वी पाणथळ होती. हॉर्नबी व्हेलार्डचा बांध पडला, समुद्राचे पाणी अडले आणि मागची जमीन हळूहळू वापरात आली. ऑस्ट्रेलियातल्या मेलबर्न शहराच्या कॉलफील्ड रेसकोर्सवरून इथला आराखडा घेतला. पुढे १९३५ मध्ये क्लबच्या नावाला 'रॉयल' लागले. १९४३ मध्ये पहिली इंडियन डर्बी झाली आणि ती बडोद्याच्या महाराजांच्या 'प्रिन्सेस ब्युटिफुल' या घोडीने जिंकली. पावसाळ्यात पुणे, हिवाळ्यात मुंबई असा शर्यतींचा रिवाज पडला. गव्हर्नर, महाराजे, गिरणीमालक, टोप्या, मोत्यांच्या माळा असा तो थाट. अदब आली ती इथून. खेळणाऱ्याचे कपडे चांगले असले की खेळही चांगला वाटू लागतो.

कायद्यानेही हीच अदब पाळली. मुंबईचा जुगारबंदी कायदा १८८७ चा आहे. त्यात घोड्यांच्या शर्यतीवरच्या पैजेला सूट आहे, पण कशी? शर्यतीच्या दिवशी, परवाना असलेल्या रेसकोर्सच्या आवारात, ठरवून दिलेल्या जागेत पैज लावली तर तो जुगार नाही. तोच घोडा, तीच शर्यत, तेच शंभर रुपये, पण पैज गल्लीतल्या बुकीकडे लावली तर गुन्हा! पुढे १९१२ मध्ये रेसकोर्सच्या परवान्यांसाठी वेगळा कायदाही झाला. म्हणजे पाप की पुण्य हे कुंपणाच्या कोणत्या बाजूला उभे आहात यावर ठरले.

१९९६ मध्ये मद्रास रेस क्लबच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की घोड्यांची शर्यत हा प्रामुख्याने कौशल्याचा खेळ आहे. घोड्याची वंशावळ, त्याची तयारी, जॉकीचा हात, मैदानाची स्थिती या सगळ्याचा अभ्यास लागतो. न्यायालयाचा मान राखून मी म्हणते, बरोबर आहे, अभ्यास लागतो. पण अभ्यासाने पैसा वाढतो का, हा माझा प्रश्न.

टोटलायझेटरची पद्धत अगदी सोपी आहे. एका शर्यतीवरचे सगळे पैसे एका पेटीत जमा होतात. त्यातून कर आणि क्लबचा वाटा कापला जातो. उरलेले जिंकणाऱ्यांत वाटले जाते. समजा, शंभरातले वीस कापले. हा आकडा फक्त उदाहरणासाठी धरा. सगळ्यांनी मिळून शंभर रुपये आणले आणि हातात आलेले पुन्हा लावत गेले, तर पहिल्या शर्यतीनंतर ८० उरतात, मग ६४, मग ५१, मग ४१ आणि पाचव्या शर्यतीनंतर साधारण ३३. हुशार माणसाला यातले जास्त मिळतील, भोळ्याला कमी. पण हुशारीने त्या शंभराचे एकशेएक होत नाहीत. दुकानदार नफा कमावतो तेव्हा गिऱ्हाइकाच्या पिशवीत धान्य तरी पडते. इथे जिंकणाऱ्याच्या खिशातला प्रत्येक रुपया दुसऱ्या कुणाच्या तरी घरखर्चातून आलेला असतो. सप्तव्यसनांत जुगाराचे नाव पहिले का घेतात, ते मला शास्त्राइतकेच या बेरजेतून पटले.

आता सरकारकडे पाहू. महाराष्ट्राने १९७६ मध्ये कॅसिनोचा कायदा केला, पण तो कधी अमलातच आणला नाही. तो तसाच पडून राहिला आणि कॅसिनो सुरू करायला परवानगी द्या म्हणणाऱ्यांना आधार देत राहिला. २०२३ मध्ये तो रद्द झाला, याचे मी मनापासून स्वागत केले. शेजारच्या गोव्यात मात्र त्याच १९७६ सालच्या जुगारविरोधी कायद्यात दुरुस्त्या झाल्या. १९९२ मध्ये पंचतारांकित हॉटेलांत यंत्रांवरचा जुगार आला, १९९६ मध्ये जहाजांवरच्या कॅसिनोला वाट मिळाली. आज पणजीला मांडवीच्या पात्रात ती जहाजे झगमगत उभी असतात. आणि २०२० पासून खुद्द गोमंतकीयांना तिथे खेळायला बंदी! जे आपल्या लेकरांच्या ताटात वाढायचे नाही, ते पाहुण्याला वाढायचे. याला आपल्याकडे आतिथ्य म्हणत नाहीत.

जीएसटीचेही तसेच. ऑक्टोबर २०२३ पासून रेस आणि कॅसिनोवर पूर्ण रकमेवर २८ टक्के कर होता, सप्टेंबर २०२५ पासून तो ४० टक्के झाला. वाईट सवयीवर कर बसवावा, मान्य. पण तिजोरीला त्या पैशाची सवय लागली की सरकार ती सवय मोडायला सांगेल का? राखणदार आणि भागीदार एकच माणूस असू नये, हे आम्हाला ऑडिटिंगच्या पहिल्या धड्यात शिकवले होते.

आणि ज्याच्या जिवावर हे सारे चालते, तो घोडा? अहिंसाणुव्रताच्या अतिचारांत प्राण्याला बांधणे, मारणे, त्याच्यावर शक्तीबाहेर भार घालणे हे सगळे येते. शेतकऱ्याचा बैलही राबतो, पण धान्यासाठी. घोड्याच्या पाठीवर चाबूक पडतो तो आपल्या करमणुकीसाठी आणि पैजेसाठी.

दुसरी बाजूही सांगायला हवी. मोतद्दार, जॉकी, पशुवैद्य अशा अनेकांच्या चुली यावर पेटतात. आणि चौरस फुटाचा हिशेब करणाऱ्या या शहरात एवढी हिरवळ इमारतींपासून वाचली, ती घोड्यांमुळेच. सकाळी तिथे फिरायला येणारी शेकडो माणसे पैज लावत नाहीत, मोकळा श्वास घेतात. भाडेपट्टा २०१३ मध्ये संपला, त्यानंतर वर्षानुवर्षे घोळ चालला. शेवटी २०२४ मध्ये २११ एकरांपैकी १२० एकर बागेसाठी महापालिकेकडे आले आणि ९१ एकर क्लबकडे राहिले.

माझे म्हणणे एवढेच. त्या १२० एकरांवर झाडे आणि गवत यांखेरीज काही उभे राहू नये. उरलेल्या ९१ एकरांवर शर्यती चालणारच असतील, तर बिस्किटाच्या पुड्यावर जशी किंमत छापतात, तसे प्रत्येक तिकिटावर छापावे की शंभरातले किती रुपये आधीच कापले गेले आहेत. तिथल्या कामगारांना दुसरा रोजगार मिळेल, याची तजवीज आतापासून सुरू व्हावी. आणि महाराष्ट्रात कॅसिनोचे दार पुन्हा किलकिलेही होऊ नये.

सरकार ऐकेल न ऐकेल. आपण आपल्या घरात ऐकू या. नातवंडांना जुगार म्हणजे पाप एवढेच सांगून ती ऐकत नाहीत. त्यांना कागद-पेन्सिल द्या आणि ती शंभर, ऐंशी, चौसष्टची वजाबाकी स्वतः करायला लावा. वजाबाकी कुणाची भीडमुर्वत ठेवत नाही.