घरातल्यासारखी, पण घरातली नव्हे

यवतमाळ, पुसद, वणी येथील सुखवस्तू घरांची सकाळ ज्या मुलींच्या हातांनी सुरू होते, त्यांच्या श्रमाचे मोल ठरविण्याची वेळ आली म्हणजे मात्र आमची उदारबुद्धी एकाएकी आटते. कापसाची वेचणी सरली की शेतमजुरांच्या अनेक मुलींना धुण्याभांड्यांचाच आधार उरतो. "आम्ही तिला घरातल्यासारखीच वागवितो," असे गृहिणी सांगतात. आम्ही विचारतो, घरातल्या मुलीचा चहाचा कप निराळा ठेवतात काय? ती तापाने पडली तर तिच्या त्या दिवसाचे पैसे कापतात काय?

पुसदचे वसंतराव नाईक मुख्यमंत्री असताना, १९७२ च्या दुष्काळात, रोजगार हमीची कामे निघाली. पुढे १९७७ च्या कायद्याने त्या हमीस बळ आले. खडी फोडणाऱ्या स्त्रीचा हक्क सरकारने मानला. भांडी घासणारी मात्र मालकिणीच्या मर्जीवर राहिली. पुण्यातील मोलकरणींनी १९८० साली संप केला, तेव्हा कोठे समाजाचे डोळे किंचित उघडले. २००८ साली घरेलू कामगारांच्या कल्याणमंडळाचा कायदा झाला. प्रसूती, आजार व मुलांचे शिक्षण यांसाठी साहाय्याची तरतूद त्यात आहे; पण पगार, सुटी व कामाचे तास यांविषयी तो मौन धरतो.

शिवाय नोंदणीस वयाची अठरा वर्षे पुरी लागतात. चौदा वर्षांखालील मुलांस घरकामास ठेवण्याची बंदी २००६ पासून आहे, हे योग्यच. परंतु सोळा वर्षांच्या मुलीस काम करण्याची मोकळीक आणि मंडळाचे दार मात्र बंद, हा कोठला न्याय? तिच्या आशा तरी किती माफक! कोणास सतरा क्रमांकाचा अर्ज भरून दहावी व्हावयाचे असते, कोणास परिचारिका.

सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये घरकामगारांच्या कायद्याचा विचार करण्यासाठी समिती नेमण्यास केंद्रास सांगितले. तो कायदा अवश्य व्हावा. पण तोवर थांबण्याचे कारण काय? ठरलेला पगार, आठवड्यास एक भरपगारी सुटी आणि अभ्यासास संध्याकाळ मोकळी, एवढे देण्यास कोणत्या कलमाची आज्ञा लागते? आपल्या मुलीस शाळेत धाडणाऱ्या मातेने दुसरीच्या मुलीची शाळा आपल्या मोरीत बुडवू नये, एवढेच आमचे मागणे आहे.