पकडली गेली नाही, म्हणून इतिहासात नाही

गुप्तहेर बाई म्हटलं की आपल्या वर्तमानपत्रांना एकच नाव आठवतं, माताहारी. एखाद्या प्रकरणात बाईचं नाव आलं की मथळा तयार. ही डच नर्तकी 15 ऑक्टोबर 1917 रोजी पॅरिसजवळ गोळ्या घालून मारली गेली. तिने खरोखर काही मोलाचं गुपित फोडलं होतं का, याबद्दल इतिहासकारांना दाट शंका आहे. पण पहिल्या महायुद्धातल्या एवढ्या गुप्त कारवायांतून लोकांच्या लक्षात राहिलं ते तिचं नाचणं आणि तिचे प्रियकर. पुरुष हेर देशासाठी जीव धोक्यात घालतो आणि बाई हेर पुरुषांना नादी लावते, ही वाटणी आपणही फारसा विचार न करता स्वीकारली आहे.

त्याच महायुद्धाचे धागे आपल्या भागापर्यंत येतात. वऱ्हाडाला लागून असलेल्या वर्ध्याचे पांडुरंग सदाशिव खानखोजे विद्यार्थीदशेत देश सोडून गेले, अमेरिकेत गदर चळवळीत सामील झाले आणि युद्धाच्या काळात इंग्रजांविरुद्ध लढायला इराणात पोचले. तळेगाव ढमढेरेचे विष्णू गणेश पिंगळे अमेरिकेतून परतले. फेब्रुवारी 1915 मध्ये लष्करी छावण्यांत उठाव करायचा बेत होता, तो फितुरीने फसला. पिंगळे मार्चमध्ये मेरठच्या छावणीत बॉम्बसह पकडले गेले आणि 16 नोव्हेंबर 1915 रोजी लाहोरला फासावर चढले. या गोष्टी आम्ही अमरावतीत शाळेत, व्याख्यानमालांत, पुण्यतिथीच्या सभांत ऐकत आलो. ऐकताना ऊर भरून येतो, ते खोटं नाही. पण त्या गोष्टींत एकही चूल नाही. ही माणसं महिनोन्‌महिने जेवत कुठे होती? त्यांचे कपडे कोण धूत होतं? पोलीस चौकशीला आले तेव्हा दार कोणी उघडलं?

अमरावतीचंच उदाहरण घ्या. दादासाहेब खापर्डे हे इथले नामांकित वकील आणि लोकमान्य टिळकांचे निकटचे सहकारी. 1908 मध्ये टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाल्यावर ते अपिलासाठी इंग्लंडला गेले आणि 1910 मध्ये परतले. त्यांच्यावर सरकारची नजर होती. डिसेंबर 1911 ते मार्च 1912 ते शिर्डीला साईबाबांजवळ राहिले, तेव्हाची त्यांची रोजनिशी छापलेली आहे. तीत 'हंस' नावाने ओळखला जाणारा एक स्वामी येतो. तो सरकारचा हेर होता, असं पुढच्या अभ्यासकांनी लिहिलं आहे.

ही हेरगिरी चालते कशी, ते पाहा. साधूच्या वेषातला माणूस ओसरीवर बसतो, धर्माच्या गप्पा मारतो, पंगतीला बसतो, घरच्यांचा विश्वास मिळवतो. म्हणजे ही हेरगिरी घराच्या आतिथ्यावरच चालते. आणि आतिथ्य करायचं कोणी? खापर्ड्यांच्या पत्नी लक्ष्मीबाई तेव्हा शिर्डीतच होत्या. साईचरित्रात त्या भेटतात. बाबांना नैवेद्य नेणाऱ्या, आणि मुलाच्या अंगात ताप भरून गाठ आल्यावर घाबरून अमरावतीला परत जायची परवानगी मागणाऱ्या. भक्तीच्या ग्रंथाने त्यांची भीती तरी नोंदवली. राजकारणाच्या इतिहासात त्या 'खापर्ड्यांची पत्नी' एवढ्याच. नवऱ्यावर खटला होईल का, हा बुवा खरा की खोटा, ताटात काय वाढायचं आणि पोराचा ताप कधी उतरेल, हे सगळं एकाच बाईच्या डोक्यात चालू असणार. आमच्याकडच्या राजकीय चरित्रांना त्यातलं एकही वाक्य महत्त्वाचं वाटलेलं नाही.

बंगालात थोडं वेगळं घडलं, म्हणून तिकडे वळते. ननीबाला देवी ही बालीची ब्राह्मण विधवा, सोळाव्या वर्षी नवरा गेलेला. 1915 मध्ये रामचंद्र मजुमदार हा क्रांतिकारक पकडला गेला. त्याने पिस्तूल कुठे ठेवलं आहे ते साथीदारांना कळेना. ननीबाला त्याची बायको बनून, भांगात सिंदूर भरून, प्रेसिडेन्सी जेलमध्ये भेटीला गेली आणि ठिकाण विचारून आली. त्या काळी विधवेने सिंदूर लावायचा म्हणजे काय, हे आपल्या वाचकांना सांगायला नको. पुढे ती चंद्रनगरच्या भाड्याच्या घरात फरार मुलांची 'गृहिणी' बनून राहिली, कारण बाईमाणूस नसलेल्या बिऱ्हाडाला कोणी घर देत नसे. शेवटी पेशावरला पकडली गेली. काशीच्या तुरुंगात तिचा अमानुष छळ झाला. तिने एकही नाव सांगितलं नाही. 1919 मध्ये सुटली तेव्हा नातेवाइकांनी तिला घरात घेतलं नाही.

दुसरी दुकडीबाला देवी, बीरभूम जिल्ह्यातल्या खेड्यातली. ऑगस्ट 1914 मध्ये कलकत्त्यात रॉडा कंपनीची 50 माउझर पिस्तुलं क्रांतिकारकांनी पळवली. त्यांतली सात तिने घरात लपवली. झडतीत सापडली. तान्हं मूल घरी ठेवून ती दोन वर्षांच्या सक्तमजुरीवर गेली.

या दोघींची नावं आपल्याला का माहीत आहेत? एक तर त्या पकडल्या गेल्या, म्हणून सरकारी कागदांत आल्या. आणि दुसरं म्हणजे कमला दासगुप्ता या क्रांतिकारक बाईनेच पुढे बंगालच्या अशा स्त्रियांवर बंगालीत पुस्तक लिहिलं. माझा मुद्दा इथेच आहे. गुप्त काम नीट झालं याची खूण म्हणजे कोणाला पत्ता न लागणं. इतिहासात जागा मिळायची तर मात्र पत्ता लागायला हवा. बाईवर संशय कमी, म्हणून काम तिच्यावर सोपवायचं. तिने ते बिनबोभाट पार पाडायचं. आणि शंभर वर्षांनी आपण म्हणायचं, पुरावा नाही!

स्वतंत्र भारताचं सरकारही याच मापाने मोजत आलं. 1972 मध्ये केंद्र सरकारने स्वातंत्र्यसैनिकांना निवृत्तिवेतन सुरू केलं. त्यासाठी निदान सहा महिने तुरुंगवास हवा. स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींना तीन महिने. ही सवलत कोणी तरी विचार करून दिली असणार, त्याचं श्रेय द्यायला हवं. भूमिगत राहिलेल्यांसाठीही सोय आहे, पण तुम्हाला फरार घोषित केलं होतं, पकडण्यासाठी बक्षीस लावलं होतं किंवा तुमच्या नावे स्थानबद्धतेचा हुकूम निघाला होता, असं दाखवावं लागतं. म्हणजे शत्रूने तुमची दखल घेतल्याचा दाखला आणा. फरार माणसाला महिनाभर भाकर वाढणारी बाई कोणत्या कचेरीतून दाखला आणणार? तिचं नाव कुठल्याच वॉरंटावर नव्हतं.

या चित्रात एक अडचण आहे आणि ती आपणच मांडायला हवी. लपवायला जागा कोणाच्या घरात होती? अकोल्याच्या एका शिबिरात एका आजींनी हसत सांगितलं, त्यांच्या आजेसासूबाई जोखमीचे कागद देवघरात सोवळ्याच्या आड ठेवत. परका माणूस तिथवर येणार नाही ही खात्री. शिबिरातल्या शेतमजूर बाया हसल्या नाहीत. एक जण म्हणाली, "आमच्या झोपडीत तं शिपाई जोड्यासगट शिरे." सोवळ्याने ज्या बाईला बाहेर ठेवलं होतं, तिला लपायला आणि लपवायला काही नव्हतं. वाड्यावर भांडी घासणाऱ्या बाईला चौकशीत पहिल्यांदा दरडावलं गेलं असेल की नाही, हेही विचारलं पाहिजे. नाही तर वाड्यांच्या मालकांऐवजी वाड्यांच्या मालकिणींची चरित्रं लिहून आपण थांबू.

काही कामं बायांनीच केली आहेत. वीणा गवाणकरांनी खानखोज्यांचं चरित्र मराठीत लिहिलं. त्यांची मुलगी सावित्री साहनी यांनी 2008 मध्ये वडिलांवर इंग्रजीत पुस्तक लिहिलं. खानखोज्यांनी पुढे मेक्सिकोत मक्यावर संशोधन केलं, तिथेच बेल्जियन जानशी लग्न केलं आणि अखेरची वर्षं नागपुरात काढली. परक्या देशातल्या क्रांतिकारकाचा संसार करून पुढे त्याच्या देशात राहायला आलेल्या या जानबद्दल मला त्यांच्या इराणातल्या लढायांइतकंच कुतूहल आहे.

अमरावती आणि अकोल्यातल्या गटांनी येत्या दिवाळीनंतर हे काम हाती घ्यावं, असा माझा आग्रह आहे. विसाव्या शतकाच्या आरंभी ज्या तरुण होत्या त्यांतली आज कोणी नाही. पण त्यांच्या नातसुना, पणत्या आहेत. जुन्या पेट्यांत पोस्टकार्डं आहेत, किराणाच्या वह्या आहेत. वहीत एखाद्या महिन्यात ज्वारी दुप्पट लागली असेल, तर का लागली ते विचारा. घराण्याचा इतिहास सांगायला पुरुष पुढे येतील. त्यांचं ऐकून घ्या, चहा घ्या, आणि मग स्वयंपाकघरात जाऊन बसा. कणगीत काय ठेवलं होतं? आलेल्या पाहुण्याला शेजारणीपुढे कोणाचा कोण सांगितलं? झडतीच्या दिवशी पोरांना कुठे पाठवलं? आणि हे करायला तुला कोणी विचारलं होतं, की नुसतं सांगितलं होतं?