‘काका, मला वाचवा’ : शनिवारवाड्यात थांबवून ठेवलेला काळ

१/ पुण्यात पिढ्यानपिढ्या एक दंतकथा सांगितली जाते. अमावास्येच्या (कोणी म्हणतात, पौर्णिमेच्या) रात्री शनिवारवाड्यात एक कोवळी आकृती धावताना दिसते आणि ‘काका, मला वाचवा’ अशी आर्त हाक घुमते. जणू तेथे काळ पुढे सरकतच नाही. तोच खून पुन्हा पुन्हा घडत राहतो.

२/ कथा प्रभावी आहे, यात शंका नाही. परंतु भूत उभे करण्यासाठी तिने काळाचीच मोडतोड केली आहे, आणि त्या मोडतोडीत इतिहासाचा मोठा भाग दृष्टीआड झाला आहे.

३/ प्रथम तिथी पाहावी. नारायणराव पेशव्यांचा खून ३० ऑगस्ट १७७३ रोजी झाला. वार सोमवार, तिथी भाद्रपद शुद्ध त्रयोदशी. म्हणजे अमावास्या नव्हे आणि पौर्णिमाही नव्हे. शिवाय वेळ रात्रीची नव्हती. गणेशोत्सवाचे दिवस होते आणि भर दुपारी, भोजनोत्तर विश्रांतीच्या वेळी गारदी वाड्यात घुसले.

४/ हा फरक किरकोळ नाही. रात्रीच्या खुनाला अंधार साक्षी असतो, दुपारच्या खुनाला माणसे. कारकून, शागीर्द, दासी, पहारेकरी यांनी गजबजलेल्या वाड्यात राज्याचा धनी मारला गेला. प्रसंग मध्यरात्री नेऊन ठेवला, की कोणी काय पाहिले आणि कोण गप्प राहिले, हा प्रश्नच उरत नाही.

५/ दंतकथेला आधीचा काळही नको असतो. गारदी, म्हणजे पगारी कवायती शिपाई, थकलेल्या पगारासाठी अस्वस्थ होते. राघोबादादा त्याच वाड्यात नजरकैदेत होते. माधवराव पेशवे नोव्हेंबर १७७२ मध्ये वारले, तेव्हापासून चुलत्या-पुतण्यांतील तेढ विकोपाला गेली होती. सुमेरसिंग गारदी आणि त्याचे साथीदार या परिस्थितीतूनच पुढे आले. भुताच्या गोष्टीत मात्र ते शून्यातून प्रकट होतात.

६/ मृतांची मोजदादही तशीच अपुरी. त्या हल्ल्यात वाड्यातील दहा-अकरा माणसे प्राणास मुकली. धन्याला वाचवण्यासाठी आडवा आलेला चापाजी टिळेकर त्यांपैकी एक. दासीही मारल्या गेल्या. दंतकथेला यांपैकी कोणाचीही हाक ऐकू येत नाही. भूत होण्याचा मानही पेशव्यालाच!

७/ उलट दोष देताना कथा एका स्त्रीकडे बोट दाखवते. ‘धरावे’ या शब्दातील ‘ध’चा ‘मा’ आनंदीबाईंनी केला, ही समजूत आज म्हणीसारखी रूढ आहे. त्या अक्षरबदलाविषयी अभ्यासकांत एकमत नाही. तरीही ‘आनंदीबाई’ हे नाव कपटाचे दुसरे नाव बनले. खातरजमा न झालेल्या एका अक्षराने अडीचशे वर्षे एखाद्या व्यक्तीला शिक्षा भोगायला लावावी, हे भुताटकीहून भयंकर आहे.

८/ आणि नंतरचा काळ? तोच तर खरा थरारक आहे. रामशास्त्री प्रभुणे यांनी या खुनाचा छडा लावला आणि पेशवेपदावर बसू पाहणाऱ्या राघोबादादांना थेट दोषी ठरवले. सत्ताधीशाच्या तोंडावर दोष ठेवून न्यायाधीश पुणे सोडून गेला. या घटनेचे भूत कोणत्याही अमावास्येला दिसत नाही.

९/ पुढे बारभाईंनी गंगाबाईंच्या नावाने कारभार हाती घेतला. १८ एप्रिल १७७४ रोजी पुरंदरावर सवाई माधवरावांचा जन्म झाला आणि तान्ह्या बाळाला पेशवाईची वस्त्रे मिळाली. राघोबादादा इंग्रजांच्या आश्रयाला गेले. १७७५ च्या सुरतेच्या तहातून पहिले इंग्रज-मराठा युद्ध पेटले, ते १७८२ च्या सालबाईच्या तहापर्यंत. दुपारच्या त्या अर्ध्या घटकेची किंमत अशी चुकवावी लागली.

१०/ दंतकथेच्या बाजूनेही एक गोष्ट मान्य करावी लागेल. रामशास्त्र्यांनी दोष ठरवला, पण राघोबादादांना त्या दोषाची शिक्षा कधीच झाली नाही. १७८३ साली ते कोपरगावी वारले. अपुऱ्या राहिलेल्या न्यायाची सल लोकमानसाने त्या हाकेत जपली असावी. अठरा वर्षांच्या तरुणाला आपल्याच घरात आपल्याच माणसाने वाचवले नाही, हे पुणे विसरू शकले नाही. ती सल खरी आहे. तिच्याभोवतीचा अंधार मात्र मागाहून भरलेला आहे.

११/ १८२८ च्या आगीत वाड्याच्या आतील इमारती जळून गेल्या. आज उरले आहेत ते तट, दरवाजे आणि जोती. म्हणून शनिवारवाडा समजून घ्यायचा असेल, तर रात्री कान लावण्यापेक्षा भर दुपारी जावे. जोत्यांवरून दालनांची अंतरे मोजावीत, नारायण दरवाज्यापाशी थांबावे, आणि उन्हात सारे लख्ख दिसत असताना विचारावे : त्या दिवशी इतकी माणसे होती, मग मदतीला इतकी थोडी का आली?