तुझी सिस्टर प्रार्थना केव्हा करते?

पोस्ट जरा लांब आहे आणि थोडी चिडून लिहिलेली आहे, सांभाळून घ्या.

परवा आमच्या वाचनकट्ट्यावर रूमर गॉडनच्या ‘ब्लॅक नार्सिसस’वर बोलणं चाललं होतं. एक मैत्रीण म्हणाली, “नन म्हणजे शेवटी मन मारून जगणारी बाईच की हो!” सगळ्यांनी माना डोलावल्या. मी गप्प बसले, कारण हेच एकदा मी स्वतः लिहिलंय.

बेळगावात कॅम्पातल्या कॉन्व्हेंटमध्ये मी शिकले. पुढं कॉलेजच्या अंकात एक कथा लिहिली. त्यात एक नन, बंद खिडकी, बाहेर पाऊस, आणि लग्न न झाल्याचं दुःख. बक्षीसही मिळालं. मोठ्या तोऱ्यात अंक घेऊन आमच्या जुन्या सिस्टरकडं गेले. त्या मूळच्या गोव्याच्या, मराठी बोलायच्या पण कोकणी वळणानं. चष्मा लावून त्यांनी सगळी कथा वाचली आणि म्हणाल्या, “बरी लिहिलीस. पण बाय, तुझी सिस्टर प्रार्थना केव्हा करते?”

रागावल्या नाहीत. चहा दिला आणि वह्या तपासायला बसल्या. माझ्या कथेत प्रार्थना कुठंच नव्हती. जिच्यासाठी त्या बाईनं घर सोडलं, तीच गोष्ट मी गाळली होती.

माझं भांडण आहे ते याच्याशी. आजच्या कथा-कादंबऱ्यांत ननला दोनच वाटा असतात. एक तर ती आतल्या आत जळते, नाहीतर छडी घेऊन पोरींना छळते. देवावर तिचा खरंच जीव असेल, ही शक्यता लेखकाच्या डोक्यातच येत नाही. भक्ती दिसली की तिच्या मागं काहीतरी ‘खरं’ कारण असणारच, असं धरून चालायचं. शेतकऱ्यावर लिहायचं असेल तर आपण पेरणी कधी होते ते विचारून घेतो. ननवर लिहिताना मात्र तिचा दिवस कसा जातो, हे कुणी विचारत नाही.

गॉडनबाईंचंच बघा. त्यांचं बालपण आजच्या बांगलादेशातल्या नारायणगंजमध्ये गेलं. ‘ब्लॅक नार्सिसस’ 1939 ची. हिमालयातल्या जुन्या राजवाड्यात नन येतात आणि हळूहळू खचत जातात. 1947 साली त्यावर सिनेमा निघाला, 2020 साली मालिका आली. लोकांच्या लक्षात राहिली ती लाल लिपस्टिक लावणारी सिस्टर रूथ. पण याच बाईंनी तीस वर्षांनी, 1969 मध्ये, ‘इन धिस हाउस ऑफ ब्रीड’ लिहिली. त्यात सरकारी नोकरीत मोठ्या हुद्द्यावर असलेली एक विधवा बेनेडिक्टाईन मठात जाते. तिथं रुसवेफुगवे आहेत, मत्सर आहे, आधीच्या मठप्रमुख बाईंनी करून ठेवलेलं कर्ज आहे. आणि रोजच्या ठरलेल्या वेळांची प्रार्थनाही आहे. या बायका भोळ्या नाहीत, भुतंही नाहीत. हे पुस्तक आमच्या कट्ट्यावर एकीनंही वाचलेलं नव्हतं.

आता कुणीतरी म्हणणारच, “म्हणजे मठातल्या अन्यायावर पांघरूण घालायचं काय?” मुळीच नाही. आयर्लंडमधल्या मॅग्डलेन लाँड्र्यांत पोरींना राबवून घेतलं गेलं, शेवटची लाँड्री 1996 साली बंद झाली. क्लेअर कीगननं 2021 मध्ये ‘स्मॉल थिंग्ज लाइक दीज’मध्ये त्यावर लिहिलं. केरळच्या सिस्टर जेस्मींनी मठ सोडल्यावर ‘आमेन’ हे आत्मचरित्र लिहिलं. असली पुस्तकं यायलाच हवीत. पण माहिती काढून केलेला आरोप वेगळा आणि आयती खिडकी-पाऊस उचलणं वेगळं. मी दुसरं केलं होतं.

आणि हे फक्त ननपुरतं नाही. आपल्या गोष्टींत जपमाळ ओढणारी आजी निघाली की ती सुनेला छळणारी तरी असते, नाहीतर विनोदाला. माझी आजी वारीला चालत जायची. भांडखोर होती, कबूल. पण वारीहून परत आल्यावर तिच्या तोंडावर जे असायचं, ते मला आजवर एकाही कथेत सापडलेलं नाही.

गंमत म्हणजे मराठीची आद्य कवयित्रीच घरदार सोडून आलेली! तेराव्या शतकातली महदाइसा बालविधवा होती. चक्रधरस्वामींच्या मागं आली, धवळे रचले. ‘लीळाचरित्रा’त ती जागोजागी प्रश्न विचारताना दिसते. भक्ती आणि डोकं एकत्र नांदू शकतात, हे आपल्या भाषेला तेव्हापासून ठाऊक आहे. आपणच विसरलो.

सिस्टर आता नाहीत. ती कथा मी परत कधी छापायला दिली नाही. तुमच्यापैकी कितीतरी जणी गोव्यात, हुबळीत, बडोद्यात, इंदुरात कॉन्व्हेंटमध्ये शिकल्या असतील. तुमच्या सिस्टरबद्दल लिहा. मार खाल्ला असेल तर तेही लिहा. फक्त ती प्रार्थना केव्हा करायची, तेवढं गाळू नका.