धोंडा आणि डोंगर

महत्त्वाकांक्षा हा गुण की दोष, हा प्रश्न सुशिक्षित कुटुंबांत केव्हा ना केव्हा उपस्थित होतोच. अशा वेळी आम्हांस ग्रीक पुराणातील सिसिफस आठवतो. कॉरिंथचा हा राजा मोठा धूर्त. न्यावयास आलेल्या मृत्युदेवासच त्याने बेड्या ठोकल्या. पुढे पाताळात जाणे भागच पडले, तेव्हा ‘पत्नीने माझी उत्तरक्रिया केली नाही, तिला जाब विचारून येतो’ अशी सबब सांगून तो परतला आणि इकडेच राहिला! उत्तरक्रिया करू नकोस, असे पत्नीस बजावले होते त्यानेच. या हावेबद्दल त्यास शिक्षा झाली ती अशी: प्रचंड धोंडा डोंगरावर ढकलीत न्यावयाचा, आणि माथा हाताशी आला की तो गडगडत खाली यावयाचा. पुन्हा ‘ये रे माझ्या मागल्या’, तेही अनंतकाळ!

हंगेरीतील चित्रकार व दिग्दर्शक मार्सेल यांकोविच यांनी १९७४ साली या कथेवर एक प्रायोगिक लघुपट केला. त्यात संवाद नाहीत, रंगही नाहीत. पांढऱ्या पडद्यावर काळ्या रेषा, आणि कानी पडतो तो कष्टाने फुललेला श्वास. लांबी अवघी दोन-अडीच मिनिटे. तरी ऑस्कर पारितोषिकासाठी त्याचे नामांकन झाले. रेषा कधी जाडजूड होते, कधी केसासारखी बारीक. पाहणाऱ्याच्याच खांद्यांस रग लागते.

परंतु खरी नवलाई शेवटी आहे. येथे धोंडा माथ्यावर पोहोचतो आणि तेथेच राहतो. दृश्य दूर जाऊ लागते, तेव्हा दिसते की हा डोंगर म्हणजे अशाच धोंड्यांची रास!

याचा अर्थ काय घ्यावा? श्रम वाया जात नाहीत, त्यांचाच डोंगर उभा राहतो, असे कोणी म्हणेल. आम्हांस ते पटते, पण निम्मेच. कारण प्रत्येक धोंड्यागणिक डोंगर उंच होतो आणि पुढची चढण लांबते. आपल्या घरांत हेच चालले आहे. एक परीक्षा संपली की दुसरी, पदवी झाली की परदेश, नोकरी लागली की मोठे घर. सिसिफसाने निदान स्वतःच्या कर्माचा धोंडा ढकलला. आपली कित्येक मुले वडिलांच्या वा काकांच्या अपुऱ्या इच्छांचा धोंडा ढकलीत असतात.

महत्त्वाकांक्षा सोडावी, असे आमचे मुळीच म्हणणे नाही. मात्र पुढचा धोंडा मुलाच्या हाती देण्यापूर्वी ‘हा तुला हवा आहे का?’ एवढे वडीलधाऱ्यांनी त्यास अवश्य विचारावे. आणि उत्तर नकारार्थी आले, तर ते ऐकून घेण्याचे धैर्यही ठेवावे.